पडद्याकडून पडद्याकडे : बाबूराव पेंटर यांची दृष्टी आणि मराठी चित्रपटातील वास्तवाचा उदय

मराठी साहित्याच्या इतिहासात चित्रपटाला जागा मिळते ती बहुधा कथा, संवाद आणि गीते यांच्या निमित्ताने. ज्या चित्रपटांना संवादच नव्हते त्यांचा विचार त्यामुळे मागे पडतो, आणि बोलपटापूर्वीचा कालखंड केवळ तंत्राच्या प्राथमिक धडपडीचा मानून बाजूला सारला जातो. हा समज कितपत ग्राह्य आहे, हे तपासण्यासाठी कोल्हापूरच्या बाबूराव पेंटर यांचे चरित्र विशेष उपयुक्त ठरते. चित्रकार, यंत्रकार, छायालेखक, दिग्दर्शक आणि शिल्पकार अशा अनेक नात्यांनी त्यांची ओळख करून दिली जाते. मात्र या सर्व व्यापांच्या मुळाशी असलेली त्यांची पाहण्याची रीत स्वतंत्रपणे क्वचितच विचारात घेतली गेली आहे. मराठी चित्रपटात समकालीन ग्रामीण वास्तव प्रथम अवतरले ते या पाहण्याच्या रीतीमुळे. लिखित कथा तिच्या मदतीला आली, हे प्रस्तुत लेखाचे प्रतिपादन आहे.

१. घडण

बाबूराव कृष्णराव मेस्त्री यांचा जन्म ३ जून १८९० रोजी कोल्हापुरात झाला. घराणे कारागिरांचे होते. वडील कृष्णराव यांना सुतारकाम, लोहारकाम, रंगकाम आणि मूर्तिकाम अशा विविध हस्तकला अवगत होत्या. बाबूरावांना कलाशाळेचे रीतसर शिक्षण लाभले नाही. घरातील हत्यारे आणि घरातलेच जाणते हात हीच त्यांची पाठशाळा होती. 'पेंटर' हे आडनाव व्यवसायाने दिले आणि तेच पुढे रूढ झाले.

त्या काळचे कोल्हापूर या घडणीला अनुकूल होते. राजर्षी शाहू महाराजांच्या राजवटीत संगीत, नाट्य, कुस्ती आणि चित्रकला यांना उदार आश्रय मिळत होता. अल्लादियाखाँ दरबारी गायक होते आणि आबालाल रहिमान यांच्यासारखा निसर्गाचा तन्मय चित्रकार त्याच नगरीत वावरत होता. नाटक मंडळ्यांच्या उत्कर्षाचाही हाच काळ होता. प्रत्येक मंडळीला राजवाडा, अरण्य, रस्ता, देवालय असे रंगवलेले पडदे लागत. बाबूराव आणि त्यांचे चुलतबंधू आनंदराव पेंटर यांनी सुमारे १९१० ते १९१६ या काळात पडदे रंगवण्यात असे नाव मिळवले की पश्चिम भारतातील नामवंत मंडळ्या त्यांच्याकडे येऊ लागल्या.

पडदा रंगवणाऱ्याची समस्या मुळात दृष्टिभ्रमाची असते. सपाट कापडावर खोली भासवायची, दिव्यांच्या प्रकाशात रंग कसे दिसतील याचा अदमास घ्यायचा आणि दूर बसलेल्या प्रेक्षकाला तो भास खरा वाटायला लावायचा, हे त्याचे काम. या कामात वाकबगार होत असतानाच त्याच्या मर्यादाही बाबूरावांना कळल्या असाव्यात, असे त्यांच्या पुढील वाटचालीवरून दिसते. पडद्यावरचा वाडा कितीही हुबेहूब असला तरी नटाची सावली त्याच्या भिंतीवर खऱ्या भिंतीसारखी पडत नाही.

२. यंत्र

दादासाहेब फाळके यांचा 'राजा हरिश्चंद्र' १९१३ मध्ये प्रदर्शित झाला. तो पाहिल्यावर या दोघा बंधूंना चित्रपटाचा ध्यास लागला. मुंबईच्या जुन्या बाजारातून त्यांनी एक प्रक्षेपक मिळवला. चित्रपट दाखवता दाखवता ते त्याच्या यंत्रणेचा अभ्यास करू लागले. कॅमेरा जुळवण्याचे काम आनंदरावांनी हाती घेतले होते. पण १९१६ मध्ये त्यांचे अकाली निधन झाले. अर्धवट राहिलेले काम बाबूरावांनी विष्णुपंत दामले यांच्या साहाय्याने पुढे नेले आणि १९१८ मध्ये चालता कॅमेरा सिद्ध झाला.

या घटनेचे महत्त्व लक्षात येण्यासाठी आधीच्या दोन घटनांशी तिची तुलना करणे इष्ट ठरेल. हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर तथा सावेदादा यांनी १८९९ मध्ये मुंबईच्या हँगिंग गार्डनमधील कुस्तीचे चित्रण केले, ते इंग्लंडमधील रायली ब्रदर्स या पेढीकडून मागवलेल्या कॅमेऱ्याने. फाळके यांनी १९१२ मध्ये लंडनला जाऊन विल्यमसन कंपनीचा कॅमेरा आणला. बाबूरावांनी तो कोल्हापुरात घडवला. फिल्मची प्रत्येक चौकट भिंगासमोर क्षणभर स्थिर राहिली पाहिजे, झडप उघडून मिटली पाहिजे आणि मगच फिल्म पुढे सरकली पाहिजे. पस्तीस मिलिमीटर फिल्मच्या एका फुटात सोळा चौकटी बसतात आणि प्रत्येक चौकटीला कडेची चार छिद्रे येतात. दंतचक्राचा एक दात जरी चुकला तरी पडद्यावरचे चित्र थरथरते. अशी अचूकता लोहाराच्या व सुताराच्या घरातल्या हातांनी साधली, यातच बाबूरावांच्या चरित्राचे एक मर्म आहे. यंत्र ज्याने स्वतः घडवले त्याला त्याच्याकडून काय करून घेता येईल, हे इतरांहून अधिक कळते.

कंपनी उभारण्यासाठी भांडवल हवे होते. ते दिले तानीबाई कागलकर या गायिकेने. १९१७-१८ च्या सुमारास महाराष्ट्र फिल्म कंपनी अस्तित्वात आली. दामले, फत्तेलाल ही मंडळी तिच्यात आरंभापासून होती. याच सुमारास रशियात राज्यक्रांती झाली होती. तेथे १९१९ च्या ऑगस्टमध्ये चित्रपटव्यवसायाचे राष्ट्रीयीकरण झाले. कोऱ्या फिल्मचा दुष्काळ इतका तीव्र होता की लेव कुलेशॉव्ह यांच्या कार्यशाळेत फिल्मविनाच चित्रपटांच्या तालमी होत. एदुआर्द तिसे हा तरुण छायालेखक यादवी युद्धाची वार्ताचित्रे टिपत शिकत होता. टंचाईतून पाहण्याची नवी शिस्त घडवणे ही गोष्ट दोन्ही ठिकाणी समान आहे. फरक आहे तो आश्रयदात्याचा. तेथे पाठीशी राज्यसंस्था होती. कोल्हापुरात एका गायिकेची पुंजी आणि एका संस्थानिकाची गुणग्राहकता होती.

३. 'सैरंध्री' ते 'कल्याण खजिना'

कंपनीचा पहिला चित्रपट 'सैरंध्री' ७ फेब्रुवारी १९२० रोजी पुण्याच्या आर्यन चित्रपटगृहात प्रदर्शित झाला. कथानक महाभारतातील कीचकवधाचे होते. कृष्णाजी प्रभाकर खाडिलकर यांच्या 'कीचकवध' नाटकावर १९१० मध्ये सरकारने बंदी घातली होती. या कथेचा राजकीय ध्वनी मराठी प्रेक्षकाच्या कानात अद्याप ताजा होता. भीमाने कीचकाचा वध करण्याचे दृश्य बाबूरावांनी इतके प्रत्ययकारी केले की सेन्सॉरने ते कापल्याची नोंद चित्रपटाच्या इतिहासांत आढळते. लोकमान्य टिळकांनी बाबूरावांना 'सिनेमा केसरी' ही पदवी दिली. त्यानंतर काही महिन्यांतच, १ ऑगस्ट १९२० रोजी, टिळकांचे निधन झाले.

'सैरंध्री'त स्त्रीभूमिका स्त्रियांनी केल्या. फाळके यांच्या 'मोहिनी भस्मासुर'मध्ये १९१३ सालीच दुर्गाबाई कामत आणि कमलाबाई गोखले पडद्यावर आल्या होत्या. परंतु पुरुष नटांकडून स्त्रीभूमिका करवून घेण्याची प्रथा १९२० मध्येही संपली नव्हती. गुलाबबाई आणि अनसूयाबाई यांनी कमलादेवी व सुशीलादेवी या नावांनी कामे केली. त्याबद्दल त्यांना समाजाचा रोष सोसावा लागला आणि स्टुडिओच्या आवारातच आसरा घ्यावा लागला. बाबूरावांच्या दृष्टीने हा केवळ सुधारणेचा प्रश्न नव्हता. नाट्यगृहातील अंतरावरून खपून जाणारा स्त्रीवेष कॅमेऱ्याच्या जवळिकीत उघडा पडतो, हे चित्रकाराच्या नजरेला समजणे स्वाभाविक होते.

दृश्यरचनेतही त्यांनी असाच मूलगामी बदल केला. रंगवलेल्या पडद्यांवर ज्यांनी नाव कमावले त्यांनीच ते पडदे चित्रपटातून काढून टाकले आणि त्यांच्या जागी वावरता येईल अशी भरीव, त्रिमितीय नेपथ्ये उभी केली. वेषभूषा व पात्रांच्या हालचाली यांची रेखाटने ते आधीच करून ठेवत. १९२१-२२ पासून चित्रपटाची माहिती देणाऱ्या सचित्र पुस्तिका कंपनीने काढल्या. भित्तिचित्रे बाबूराव स्वतः रंगवीत.

प्रकाशाची अडचण अधिक कठीण होती. त्या काळची ऑर्थोक्रोमॅटिक फिल्म तांबड्या रंगाला प्रतिसाद देत नसे. म्हणून कुंकू काळे दिसे, तर निळे आकाश पांढरे फटफटीत होई. चित्रण दिवसाच्या उजेडात करावे लागे आणि ऊन कापडी पडद्यांनी व परावर्तकांनी ताब्यात ठेवावे लागे. अशा परिस्थितीत १९२३ च्या 'सिंहगड'ला वेगळे महत्त्व आहे. हरी नारायण आपटे यांच्या 'गड आला पण सिंह गेला' या कादंबरीवर तो आधारलेला होता. शिवाजी महाराजांची भूमिका बाबूरावांनीच केली होती. तानाजीचा पराक्रम रात्रीचा आहे. कादंबरीकार रात्र शब्दांनी निर्माण करतो. दिवसाच्या उन्हावर अवलंबून असलेल्या छायालेखकाला तो मार्ग मोकळा नसतो. 'सिंहगड'मध्ये बाबूरावांनी कृत्रिम प्रकाशाचा वापर केला आणि भारतीय चित्रपटातील अशा प्रयोगांमध्ये तो आरंभीचा मानला जातो. साहित्यकृतीच्या गरजेने छायालेखनाला नवा मार्ग शोधायला लावल्याचे हे ठळक उदाहरण होय.

पुढच्याच वर्षीचा 'कल्याण खजिना' शिवकालातील कल्याणच्या प्रसंगावर होता. ज्या कल्याणच्या लगत आज उल्हासनगर, अंबरनाथ आणि बदलापूर ही गजबजलेली शहरे आहेत ते या कथेत खाडीकाठचे संपन्न बंदर आहे. लंडनमधील वेंब्ली येथील प्रदर्शनात या चित्रपटाला पदक मिळाले. कोल्हापुरात उभ्या राहिलेल्या या कारागिरीची दखल इतक्या दूरवर घेतली गेली, ही गोष्ट त्या काळी सामान्य नव्हती.

४. 'सावकारी पाश'

पौराणिक आणि ऐतिहासिक चित्रपटांनी यश दिलेले असताना १९२५ मध्ये बाबूराव एका अनपेक्षित विषयाकडे वळले. नारायण हरी आपटे (१८८९-१९७१) यांच्या कथेवरील 'सावकारी पाश' हा समकालीन शेतकऱ्याच्या कर्जबाजारीपणाचा चित्रपट होता. सावकाराच्या लबाडीने तरुण शेतकऱ्याची जमीन जाते आणि त्याला मुंबईच्या गिरणीत मजुरी पत्करावी लागते, असे त्याचे कथासूत्र आहे. शेतकऱ्याची भूमिका व्ही. शांताराम यांनी केली होती.

विषय मराठी समाजाला अपरिचित नव्हता. १८७५ मध्ये पुणे जिल्ह्यातील सुपे येथे सावकारांविरुद्ध दंगे उसळले आणि ते पुणे व अहमदनगर जिल्ह्यांत पसरले. त्यांत शेतकऱ्यांचा मुख्य रोख कर्जरोख्यांवर होता. ते हिसकावून जाळले जात. पुढे १८७९ मध्ये दख्खनच्या शेतकऱ्यांना दिलासा देणारा कायदा झाला. या प्रश्नाची चर्चा वृत्तपत्रे, अहवाल आणि निबंध यांतून चालू होती. तथापि अक्षरशत्रू शेतकऱ्याला ज्या कागदाने बांधले तो कागद, तो अंगठा आणि रिकामे झालेले ते घर डोळ्यांना दिसेल अशा रीतीने मांडण्याची सोय लिखित माध्यमात नव्हती. मूकपट या विषयाला विशेष अनुरूप ठरतो तो याच अर्थाने. ज्याला आपली बाजू शब्दांत मांडता येत नाही, त्याची कथा शब्दांविना सांगणारे हे माध्यम होते.

या चित्रपटाची आठवण सांगणाऱ्यांनी एका दृश्याचा आवर्जून उल्लेख केला आहे : अंधारी, उदास झोपडी आणि तिच्याजवळ विव्हळणारा कुत्रा. निर्माते-दिग्दर्शक जे. बी. एच. वाडिया यांच्याही स्मरणात ते राहिले होते. या दृश्यात कथानक पुढे सरकत नाही. पात्राच्या तोंडी काही नाही. आहे ती केवळ प्रकाशाची मांडणी आणि एका प्राण्याची हालचाल. गेलेल्या जमिनीचे दुःख सांगण्यासाठी बाबूरावांनी घटना घडवली नाही, जागा दाखवली. नाटकाच्या पडद्यावर जागा ही पात्राच्या मागची शोभा असते. येथे जागाच बोलू लागते. पडदे रंगवण्यापासून सुरू झालेल्या प्रवासातील हा निर्णायक टप्पा होय. तो कथेतून अपरिहार्यपणे निघत नाही. त्यामागे चित्रकाराची निवड आहे.

त्याच वर्षी, २१ डिसेंबर १९२५ रोजी, मॉस्कोच्या बोल्शॉय नाट्यगृहात सेर्गेई आयझेनस्टाइन यांचा 'बॅटलशिप पोटेमकिन' प्रथम दाखवला गेला. छायालेखन तिसे यांचे होते. या दोन कलाकृतींमध्ये प्रभावाचा संबंध जोडण्यास आधार नाही आणि त्यांची शैलीही भिन्न आहे. एकीत समूह आणि वेगवान संकलन आहे. दुसरीत एका घराचा ऱ्हास आहे. तरीही अन्याय हा विषय पौराणिक रूपकाचा आश्रय न घेता समोरच्या माणसांच्या देहातून आणि भोवतीच्या वस्तूंतून दाखवावा, ही गरज दोन दूरच्या ठिकाणी एकाच सुमारास भासली, ही बाब विचारार्ह आहे. एकीला क्रांतीच्या स्मृतिदिनाचे सरकारी निमित्त होते. दुसरीच्या मागे कोणतीही चळवळ उभी नव्हती. तिला तिकीटबारीवरच तगायचे होते.

तिकीटबारीवर ती तगली नाही. देवादिकांच्या आणि वीरांच्या दर्शनाला सरावलेल्या प्रेक्षकाला आपल्याच गावातले दारिद्र्य पैसे देऊन पाहणे रुचले नाही. बाबूराव पुन्हा पोशाखी चित्रपटांकडे वळले. या अपयशाला केवळ प्रेक्षकांची अभिरुची जबाबदार धरून चालणार नाही. खाजगी भांडवलावर चालणाऱ्या कंपनीला एक फसलेला प्रयोग पुन्हा करून पाहण्याची मुभा नसते.

५. शिष्य आणि दुरावा

महाराष्ट्र फिल्म कंपनीचे स्वरूप कारखान्यापेक्षा उस्तादाच्या कार्यशाळेसारखे अधिक होते. शांताराम तेथे १९२० मध्ये पडेल ते काम करणारे तरुण म्हणून दाखल झाले. दामले, फत्तेलाल आणि केशवराव धायबर यांनी कॅमेरा, रसायनशाळा व नेपथ्य यांचे शिक्षण तेथेच घेतले. एकाने एकच काम करावे अशी वाटणी नव्हती. जो सकाळी सेट रंगवी तोच दुपारी भूमिका करी आणि संध्याकाळी फिल्म धुण्यास मदत करी. अशा शिक्षणातून तयार झालेला माणूस चित्रपटाकडे एकसंध वस्तू म्हणून पाहू शकतो.

या व्यवस्थेचे बळ गुरूच्या व्यक्तिमत्त्वावर अवलंबून होते आणि तीच तिची मर्यादाही होती. शिष्य पूर्ण तयार झाल्यावर त्यांना स्वतंत्र वाव हवा होता. १ जून १९२९ रोजी शांताराम, दामले, फत्तेलाल आणि धायबर यांनी सीतारामपंत कुलकर्णी यांच्यासह कोल्हापुरातच प्रभात फिल्म कंपनी स्थापन केली. कंपनीचे मुख्य हातच निघून गेले. बोलपटाच्या आगमनानंतर महाराष्ट्र फिल्म कंपनीचे दार बंद झाले.

प्रभातचे पुढील यश सर्वपरिचित आहे. १९३२ मध्ये 'अयोध्येचा राजा' आला, १९३३ मध्ये कंपनी पुण्याला गेली आणि दामले-फत्तेलाल यांचा 'संत तुकाराम' (१९३६) १९३७ च्या व्हेनिस महोत्सवात गौरवला गेला. ज्यांनी 'सावकारी पाश'च्या वेळी गुरूच्या हाताखाली काम केले होते, त्यांनीच देहूच्या साध्या घराला, अंगणाला आणि गाईगुरांना संतचरित्रात मानाचे स्थान दिले. नारायण हरी आपटे यांची 'न पटणारी गोष्ट' ही कादंबरीही १९३७ मध्ये प्रभातच्या 'कुंकू'चा आधार झाली. प्रभातच्या वास्तवदर्शनाचे श्रेय देताना कोल्हापुरातील या कार्यशाळेचा पूर्वार्ध वगळला, तर ते आकलन अपुरे राहते.

६. बोलपट आणि उत्तरायुष्य

१९३१ मध्ये भारतीय चित्रपट बोलू लागला तेव्हा बाबूरावांना त्याचा उत्साह वाटला नाही. इतक्या परिश्रमाने विकसित झालेली दृश्यसंस्कृती शब्दांमुळे नष्ट होईल, अशी त्यांची धारणा होती. ही भीती सर्वस्वी निराधार होती असे म्हणता येत नाही. आरंभीच्या बोलपटांत पात्रांना ध्वनिग्राहकाभोवती उभे करून गाणी व संवाद टिपले जात आणि चित्रपट पुन्हा नाटकाच्या चौकटीत शिरला. जी चौकट मोडण्यात बाबूरावांनी दहा वर्षे खर्ची घातली, ती ध्वनीच्या वाटेने परत आली. मात्र ध्वनी आणि दृश्य यांचा मेळ साधता येतो हे त्यांच्याच शिष्यांनी सिद्ध केले. गुरूची धारणा या बाबतीत एकांगी ठरली, हेही मान्य केले पाहिजे.

त्यांनी काही बोलपट केले. शालिनी सिनेटोनसाठी 'उषा' (१९३५) आणि त्यानंतर 'सावकारी पाश'चे बोलते रूप (१९३६) त्यांनी दिग्दर्शित केले. अकरा वर्षांनी त्याच विषयाकडे परत जाण्यातून, पहिल्या वेळचे अपयश त्यांनी विषयाचे अपयश मानले नव्हते, हे स्पष्ट होते. 'प्रतिभा' (१९३७) हा चित्रपटही याच काळातला. १९४७ च्या 'लोकशाहीर रामजोशी'च्या दिग्दर्शनात त्यांचे व शांताराम यांचे नाव एकत्र येते. चित्रपट कमी होत गेले तसे ते चित्रकला आणि शिल्पकलेत अधिक रमले. १६ जानेवारी १९५४ रोजी कोल्हापुरात त्यांचे निधन झाले.

७. समारोप

बाबूरावांच्या मूकपटांपैकी आज फारच थोडे अवशेष उपलब्ध आहेत आणि १९२५ चा 'सावकारी पाश' पाहता येत नाही. नायट्रेट फिल्म ज्वालाग्राही व अल्पायुषी असते आणि मूकपट बाद ठरल्यावर तिचे जतन करण्याचे कारण कोणालाच उरले नाही. यामुळे अभ्यासकापुढे एक विचित्र परिस्थिती उभी राहते. या चित्रपटांच्या कथा कळतात, नामावल्या कळतात, भित्तिचित्रे व छायाचित्रे पाहायला मिळतात. हरवले आहे ते नेमके बाबूरावांचे स्वतःचे योगदान. साहित्याच्या अंगाने केलेला विचार कथेवर थांबतो याचे एक कारण हेही आहे की कथा तेवढी शिल्लक उरली.

अशा वेळी उरलेल्या खुणांवरून पाहण्याची रीत अनुमानित करणे एवढेच शक्य असते. त्या खुणांतून एक सलग दिशा दिसते. रंगवलेला पडदा टाकून भरीव भिंत, पुरुष नटाच्या जागी स्त्री, उन्हात खेळलेल्या रात्रीच्या जागी दिव्यांनी घडवलेली रात्र आणि शेवटी पुराणातल्या कीचकाच्या जागी गावातला सावकार, असा हा क्रम आहे. यातील पहिल्या तीन पायऱ्या तांत्रिक वाटतात आणि चौथी सामाजिक. परंतु चौथीवर पोचण्याचे सामर्थ्य पहिल्या तिन्हींनी दिले. मराठी कादंबरीतील वास्तववादाची चर्चा करताना हरिभाऊ आपट्यांपासून जी रेषा ओढली जाते, तिच्या शेजारी कोल्हापूरच्या या कारागिराची दुसरी रेषा ओढणे त्यामुळे आवश्यक ठरते. ती रेषा ग्रंथांत सापडत नाही; एका विझलेल्या झोपडीच्या आणि विव्हळणाऱ्या कुत्र्याच्या आठवणीत ती अजून शिल्लक आहे.